ताऱ्यांचे घोस



दिवाळी सरली की दिवस लहान होतात. संध्याकाळी लवकर काळोख पडतो. पावसाने धुतलेले आभाळ स्वच्छ असते. जेवणे आटोपून आपण अंगणात येतो आणि सहज पूर्वेकडे नजर जाते. तिथे ताऱ्यांचा एक लहानसा पुंजका वर आलेला दिसतो. मूठभर लाह्या एकाच जागी सांडाव्यात, तसा. त्याचे नाव तुम्हां सर्वांना ठाऊक आहे. त्या कृत्तिका.

कृत्तिका किती? आजीला विचारा, ती सांगेल सहा. कार्तिकस्वामीला सहा कृत्तिकांनी दूध पाजले, म्हणून त्याला सहा तोंडे, अशी कथा आपण ऐकली आहे. कार्तिक महिन्याचे नावही यांच्यावरूनच पडले. त्या महिन्याच्या पौर्णिमेला चंद्र कृत्तिकांच्या आसपास असतो.

पण कृत्तिका खरोखर सहाच आहेत का?

आता दुसरे एक नक्षत्र घ्या. पुष्य. त्याचे नाव आपण पावसासाठी घेतो. पुनर्वसूचा तो तरणा पाऊस आणि पुष्याचा तो म्हातारा पाऊस. पण पुष्याचा पाऊस म्हणजे काय, बरं? त्या दिवसांत सूर्य पुष्य नक्षत्रात असतो. म्हणून पुष्याचे तारे सूर्याबरोबर उगवतात आणि सूर्याबरोबरच मावळतात. ढग नसले, तरी ते तेव्हा दिसायचे नाहीत. पुष्य पाहायचे तर माघ-फाल्गुनात, रात्री नवाच्या सुमाराला. तेव्हा ते जवळजवळ डोक्यावर येते.

तिथे काय दिसते? फारसे काही नाही. फिकट असे दोनचार तारे, आणि त्यांच्यामध्ये एक पुसट पांढरा डाग. चुन्याचे बोट पुसल्यासारखा. हा डाग कसला? ढग म्हणावा, तर तो हलत नाही. तारा म्हणावा, तर तो टोकदार नाही.

ही एक पुसट खूण. ती काय आहे हे कळायला माणसाला हजारो वर्षे लागली. ते कोणी शोधले आणि कसे शोधले, तेच आज सांगायचे आहे.

आकाशातली गव्हाण

ग्रीस देशातल्या जुन्या लोकांनीही हा डाग पाहिला होता. त्यांनी त्याला नाव दिले गव्हाण. आपल्या गोठ्यात असते ना, तीच. डागाच्या दोन अंगांना दोन तारे आहेत. ती दोन गाढवे. दोन गाढवे गव्हाणीत चारा खात आहेत, अशी त्यांची कल्पना. तिकडचे शेतकरी आणि खलाशी या गव्हाणीवरून पावसाचा अंदाजही बांधत. गव्हाण दिसेनाशी झाली, की पाऊस येणार असे म्हणत. त्यात थोडे तथ्य होते. हवेत बाष्प वाढून विरळ ढग आले, की फिकट गोष्टी आधी दिसेनाशा होतात.

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात मिसर देशातल्या अलेक्झांड्रिया शहरात टॉलेमी नावाचा ज्योतिषी राहत होता. त्याने ताऱ्यांची मोठी यादी केली. त्या यादीत असे धुरकट डाग त्याने वेगळे नोंदले. त्यांतला एक वृश्चिकाच्या नांगीजवळ आहे. आजही त्याला टॉलेमीचा घोस म्हणतात.

पण टॉलेमीजवळ होते काय? नुसते डोळे. डोळ्यांना जेवढे दिसले, तेवढे त्याने लिहिले. पुढे चौदाशे वर्षे गेली. डाग तो डागच राहिला.

नळी आणि दोन भिंगे

१६०९ साली इटली देशात पादुआ गावी गॅलिलिओ नावाचा गणिताचा शिक्षक होता. त्याच्या कानावर एक बातमी आली. हॉलंडमध्ये कोणी चष्म्याची भिंगे नळीत बसवली आहेत आणि त्यातून लांबचे जवळ दिसते. गॅलिलिओने ती नळी विकत आणली नाही. स्वतः भिंगे घासली आणि स्वतः दुर्बीण केली. लांबची वस्तू वीसपट जवळ दिसेल, इतकी ती चांगली झाली.

लोक त्या दुर्बिणीतून जहाजे पाहत. गॅलिलिओने ती आकाशाकडे वळवली.

त्याने कृत्तिका पाहिल्या. सहा ताऱ्यांच्या आसपास त्याला आणखी चाळिसाहून अधिक तारे दिसले. त्यांतल्या ३६ ताऱ्यांच्या जागा त्याने कागदावर मांडल्या. मग त्याने गव्हाणीकडे, म्हणजे आपल्या पुष्यातल्या डागाकडे, दुर्बीण फिरवली. पाहतो तो काय! डाग नाहीच. तिथेही चाळिसाहून अधिक बारीक तारे. एकमेकांना इतके लगटून, की नुसत्या डोळ्यांना त्यांचा एकच धूसर ठिपका दिसावा.

लांबून गावाचा उजेड पाहिलात ना? डोंगरावरून पाहिले तर एकच पांढुरका पट्टा दिसतो. जवळ गेले, की एकेका घरातला दिवा वेगळा दिसू लागतो. तसेच हे झाले.

१६१० च्या मार्च महिन्यात गॅलिलिओने हे सारे एका लहान पुस्तकात छापले. ताऱ्यांच्या अशा पुंजक्याला आपण तारकागुच्छ म्हणतो. गुच्छ म्हणजे घोस. द्राक्षांचा असतो तसा ताऱ्यांचा घोस.

विसरलेला पाद्री

गॅलिलिओचे नाव जगभर झाले. पण सगळ्यांचे तसे होत नाही.

इटलीच्या दक्षिणेला सिसिली नावाचे बेट आहे. तिथे ओदिएर्ना नावाचा एक पाद्री होता. एका सरदाराच्या आश्रयाने तो राहत असे. त्याची दुर्बीणही गॅलिलिओच्याच तोडीची, साधी. तिच्यातून त्याने आकाशाचा कोपरा न् कोपरा पाहिला. १६५४ साली त्याने पुस्तक छापले. त्यात अशा सुमारे चाळीस ठिकाणांची नोंद होती. काही तर त्याच्याआधी कोणी नोंदलेली नव्हती. त्याने त्यांची वर्गवारीही केली. नुसत्या डोळ्यांना ज्यांत तारे सुटे दिसतात ते एकीकडे. दुर्बिणीतून सुटे दिसतात ते दुसरीकडे. आणि दुर्बिणीतूनही सुटत नाहीत ते तिसरीकडे.

पण सिसिली पडले एका बाजूला. पुस्तक फारसे कोणी वाचलेच नाही. पुढे दुसऱ्यांनी तेच घोस पुन्हा शोधले आणि शोधाचे मानकरी ठरले. ओदिएर्नाचे पुस्तक पुन्हा अभ्यासकांपुढे आले ते १९८० नंतर. म्हणजे सव्वातीनशे वर्षांनी! तेव्हा कुठे त्याच्या नावावर त्याचे घोस लागले. लागले कशामुळे? त्याने लिहून ठेवले होते म्हणून. नुसते पाहून गप्प बसला असता, तर आज त्याचे नावही उरले नसते.

तारा म्हणून नोंदलेला घोस

इंग्लंडमधला एडमंड हॅले हा वीस वर्षांचा तरुण. १६७६ साली तो कॉलेज सोडून जहाजाने निघाला आणि अटलांटिक महासागरातल्या सेंट हेलिना बेटावर गेला. दक्षिणेकडचे तारे इंग्लंडमधून दिसत नाहीत. त्यांची यादी त्याला करायची होती. बेटावर ढग फार. तरी नेटाने त्याने ३४१ ताऱ्यांची यादी पुरी केली.

तिथे १६७७ साली त्याने नरतुरंग नावाच्या तारकासमूहातला एक तारा नीट पाहिला. टॉलेमीने तो तारा म्हणून लिहिला होता. नंतरच्या लोकांनी त्याला ओमेगा हे अक्षरही देऊन टाकले होते. हॅलेने पाहिले, तर तो तारा नव्हताच. तो एक धूसर गोळा होता.

आज आपल्याला कळले आहे, की त्या गोळ्यात सुमारे एक कोटी तारे आहेत. एक कोटी! दीड हजार वर्षे सर्वांनी त्याला एक तारा म्हटले होते. आणि मजा पाहा. हॅलेला ज्यासाठी समुद्र ओलांडावा लागला, तो घोस आपल्याला आपल्या शेतातून दिसतो. कुठे आणि कधी, ते शेवटी सांगतो.

चकवा देणाऱ्या ठिपक्यांची यादी

आता गोष्ट फ्रान्स देशाची.

शार्ल मेसिए हा मुलगा १७३० साली एका खेड्यासारख्या गावात जन्मला. बारा भावंडांतला तो दहावा. अकरा वर्षांचा असताना वडील गेले. २१ व्या वर्षी पोट भरायला तो पॅरिसला आला. शिक्षण बेताचेच, पण अक्षर मोत्यासारखे. नाविक खात्याच्या वेधशाळेतल्या वृद्ध ज्योतिष्याला नकाशे उतरवायला आणि नोंदी लिहायला माणूस हवा होता. अक्षरावर मेसिएला नोकरी मिळाली.

त्या काळी सर्वांना एका धूमकेतूची ओढ लागली होती. हॅलेने आधीच सांगून ठेवले होते, की १६८२ साली दिसलेला धूमकेतू १७५८ च्या सुमाराला परत येईल. हॅले तर वारला होता. त्याचे बोलणे खरे ठरते का, हे जग पाहत होते. मेसिए रोज रात्री दुर्बिणीला डोळा लावून बसे. पण त्याच्या मालकाने काढून दिलेला धूमकेतूचा मार्ग चुकला होता. मेसिए आकाशाचा भलताच भाग धुंडाळत राहिला.

मग धूमकेतू आधी कोणाला सापडला? जर्मनीत ड्रेस्डेन शहराजवळ पालित्श नावाचा एक शेतकरी राहत होता. दिवसा शेती करी, रात्री आकाश पाही. ज्योतिषाचा अभ्यास त्याने घरीच, आपला आपण केला होता. १७५८ च्या २५ डिसेंबरला रात्री तो त्याला दिसला. मोठमोठे पंडित राहिले बाजूला, आणि मान मिळाला एका शेतकऱ्याला! मेसिएला तो दिसला त्यानंतर जवळजवळ चार आठवड्यांनी.

पण त्या धुंडाळण्यातच मेसिएला एक गोष्ट कळली. त्याच १७५८ साली ऑगस्टमध्ये त्याला एक धूसर ठिपका दिसला होता. त्याला वाटले, हाच धूमकेतू. कारण लांबचा धूमकेतू असाच दिसतो. पण धूमकेतू रोज थोडा सरकतो. हा ठिपका काही केल्या जागचा हलेना. तो धूमकेतू नव्हता. असे ठिपके आकाशात पुष्कळ होते. दर वेळी ते फसवत. रात्र वाया जाई.

मेसिएने ठरवले, की या फसव्या ठिपक्यांची यादीच करू. कुठला ठिपका कुठे आहे ते एकदा लिहून ठेवले, की पुन्हा चकायला नको. वाटेत कुठे दगड आहे ते कळले, की ठेच लागत नाही. तसलाच हा विचार.

१७६४ सालापासून तो नेटाने यादी लिहू लागला. १७६९ साली त्याने ४४ वा आकडा घातला तो पुष्यातल्या गव्हाणीला आणि ४५ वा घातला आपल्या कृत्तिकांना. १७८१ पर्यंत यादी १०३ वर गेली. पुढच्या अभ्यासकांनी त्याच्या नोंदी तपासून ती आणखी वाढवली. आज त्या यादीत ११० आकडे आहेत. त्यांतले निम्म्याच्या आसपास ताऱ्यांचे घोस आहेत. बाकीचे काही तेजाचे ढग, काही लांबच्या आकाशगंगा. तो पहिला फसवा ठिपका म्हणजे फुटलेल्या ताऱ्याचा उरलेला वायूचा ढग निघाला.

मेसिएने जन्मभर धूमकेतू शोधले. ते आज कोणाला आठवतात? पण त्याने बाजूला काढलेली ती यादी जगभरचे आकाशप्रेमी आजही हातात धरतात. मेसिए १३, मेसिए २२, असे घोसांना त्याच्याच नावाने ओळखतात. जे वाटेतले दगड म्हणून मोजले, तेच पुढे मोलाचे ठरले.

योगायोग की कुटुंब?

इथे तुमच्यातला कोणी विचारील, की आकाशात एवढे तारे आहेत, त्यांतले चार एका ठिकाणी दिसले तर नवल काय?

प्रश्न चांगला आहे. तो इंग्लंडमधल्या जॉन मिचेल नावाच्या पाद्र्याच्याही मनात आला. समजा, तुम्ही खळ्यात डोळे मिटून मूठभर ज्वारी उधळली. दाणे सगळीकडे पडतील. कुठे दोन जवळ पडतील. पण सहा ठळक दाणे नेमके एका नखाएवढ्या जागेत पडतील का? मिचेलने १७६७ साली याचा हिशेब केला. कृत्तिकांइतके ठळक तारे आकाशात सुमारे १,५०० धरले. ते कसेही विखुरले, तर त्यांतले सहा इतके जवळ येण्याचा संभव पाच लाखांत एक, असे त्याला आढळले.

म्हणजे हा योगायोग नव्हे. हे तारे खरोखरच एकत्र नांदणारे आहेत. एका वाड्यातले बिऱ्हाड म्हणा ना! हे मिचेलने दुर्बिणीने नव्हे, पाटीवर मांडलेल्या गणिताने दाखवले.

पाढे खिशात ठेवणारी बाई

शेवटची गोष्ट एका बाईची. ती मी मुद्दाम शेवटी ठेवली आहे.

जर्मनीत हॅनोव्हर गावी १७५० साली कॅरोलिन हर्शेल जन्मली. वडील लष्करी बँडात वाजवणारे. दहाव्या वर्षी तिला मोठा ताप आला. जीव वाचला, पण वाढ खुंटली. उंची सव्वाचार फुटांवर थांबली. आईचे म्हणणे, हिचे लग्न व्हायचे नाही, मग हिला शिकवून काय करायचे? लिहिता-वाचता आले, पुरे. घरकाम शिकू दे. कॅरोलिन विणकाम करी, भांडी घाशी, भावांचे कपडे सांभाळी.

तिचा थोरला भाऊ विल्यम इंग्लंडमध्ये बाथ गावी संगीत शिकवीत असे. १७७२ साली तो आला आणि बहिणीला घेऊन गेला. तेव्हा ती २२ वर्षांची होती. ना इंग्रजी येत होते, ना हिशेब. विल्यमने न्याहारीच्या वेळी तिला गणित शिकवायला सुरुवात केली. बावीस वर्षांची बाई बेरीज-वजाबाकीपासून शिकली. पाढे मात्र तिला कधीच पाठ झाले नाहीत. म्हणून पाढ्यांचा कागद ती खिशात ठेवी. काम करताना तो काढून पाही.

विल्यमला आकाशाचे वेड लागले. मोठी दुर्बीण विकत घेणे परवडेना. त्याने घरीच धातूचे आरसे ओतायला घेतले. आरशाच्या साच्यासाठी घोड्याची लीद कुटून चाळावी लागे. कॅरोलिनने तीही कुटली. आरसा घासताना हात काढला, तर काम बिघडे. एकदा विल्यम सोळा तास आरसा घासत बसला. कॅरोलिन त्याच्या तोंडात घास भरवीत होती.

१७८१ साली विल्यमला युरेनस हा नवा ग्रह सापडला. इंग्लंडच्या राजाने त्याला नेमणूक दिली. संगीत सुटले. भावाने बहिणीलाही एक लहान दुर्बीण दिली आणि सांगितले, तूही शोध.

आणि तिने शोधले. १७८३ च्या फेब्रुवारीत, २६ तारखेच्या रात्री, व्याधाच्या ताऱ्याच्या पूर्वेला तिला एक घोस दिसला. तिने मेसिएची यादी पाहिली. तिच्यात तो नव्हता. तो नवा घोस होता. आज त्याला कॅरोलिनचा घोस म्हणतात. त्याच वर्षी तिला आणखीही काही सापडले. मेसिएच्या यादीबाहेर इतके आहे हे पाहून विल्यमने सारे आकाश पट्ट्यापट्ट्याने तपासायचे ठरवले.

मग दोघांची वीस वर्षे त्यात गेली. विल्यम वीस फूट लांबीच्या दुर्बिणीवर उभा राहून दिसेल ते ओरडून सांगे. कॅरोलिन दिव्याजवळ बसून वेळ आणि जागा लिहून घेई. थंडी अशी, की कधी दौतीतली शाई गोठे. १७८३ च्या शेवटच्या रात्री ती बर्फावरून घसरली आणि दुर्बिणीच्या लोखंडी आकड्यावर पडली. मांडीत आकडा रुतला, मांस तुटले. नंतर तिने लिहिले, की पुढे रात्रभर ढगच होते, म्हणून भावाचे नुकसान झाले नाही, एवढे समाधान. काय म्हणावे या बाईला!

या बहीण-भावांनी तारकागुच्छ आणि तेजोमेघ मिळून २,५०० ठिकाणे नोंदली. मेसिएने ज्या गोळ्यांपुढे ‘यात तारा नाही’ असे लिहिले होते, त्यांतले कितीतरी विल्यमच्या मोठ्या आरशात फुटून ताऱ्यांचे निघाले. शौरी समूहातला मेसिए १३ हा त्यांपैकीच एक. आज आपण म्हणतो, त्यात लाखो तारे आहेत.

१७८७ पासून राजाने कॅरोलिनला वर्षाला ५० पौंड पगार सुरू केला. विज्ञानाच्या कामासाठी पगार मिळालेली ती इंग्लंडमधली पहिली स्त्री. मनासारखे खर्च करता येतील असे आयुष्यातले हे पहिलेच पैसे, असे तिने लिहून ठेवले आहे. तिने आठ धूमकेतूही शोधले. १८२८ साली लंडनच्या ज्योतिष संस्थेने कॅरोलिनबाईंना सुवर्णपदक दिले. १८४८ साली, ९७ व्या वर्षी, त्या वारल्या.

आज काय ठाऊक आहे

तारकागुच्छ दोन जातींचे असतात. एक मोकळे. कृत्तिका आणि पुष्यातली गव्हाण या त्या जातीच्या. यांत शेकडो किंवा हजारभर तारे असतात. कृत्तिकांत हजाराहून अधिक तारे आहेत. त्यांचे वय सुमारे दहा कोटी वर्षे. आपल्या सह्याद्रीचा काळा दगड सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. म्हणजे कृत्तिका सह्याद्रीहून थोड्या थोरल्या. तरी ताऱ्यांच्या हिशेबात त्या लहान पोरीच. आपला सूर्यच सुमारे ४६० कोटी वर्षांचा आहे. मोकळे घोस हळूहळू पांगतात. मुले मोठी झाली, की घर सोडून जातात, तसे.

दुसरे गोळाबंद. ओमेगाचा घोस आणि मेसिए १३ या जातीचे. यांत लाखो तारे चेंडूसारखे घट्ट बांधलेले असतात. ते फार जुने असतात. बहुतेकांचे वय हजार कोटी वर्षांहून जास्त.

आणि अंतर? उजेड सेकंदाला ३ लाख किलोमीटर धावतो. सूर्याचा उजेड आपल्याकडे यायला सव्वाआठ मिनिटे लागतात. कृत्तिकांचा उजेड यायला सुमारे ४४० वर्षे लागतात. आज रात्री तुमच्या डोळ्यांत शिरणारा उजेड तिथून निघाला, तेव्हा शिवाजी महाराजांचा जन्मही झाला नव्हता.

कोणी म्हणेल, याचा आपल्याला उपयोग काय? खरे सांगतो. याने ज्वारीचे चार दाणे जास्त पिकणार नाहीत. पण ज्वारीवरूनच एक गोष्ट समजेल. एकाच दिवशी पेरलेले शेत पाहिले, की कोणते ताट उंच गेले आणि कोणते खुरटले हे नीट कळते. वेगवेगळ्या दिवशी पेरले, तर कळत नाही. घोसातले तारे एकाच ढगातून, एकाच सुमाराला जन्मलेले असतात. म्हणून त्यांची तुलना करून तारा कसा वाढतो आणि कसा विझतो हे माणसाला समजले. मोठा तारा लवकर जळून जातो, लहान तारा पुष्कळ काळ टिकतो. आपला सूर्य अजून किती काळ तापेल, हे ताऱ्यांच्या अशाच अभ्यासातून कळले.

आता तुम्ही पाहा

यासाठी दुर्बीण नसली तरी चालेल. अमावास्येच्या आसपासची रात्र निवडा. गावातल्या विजेच्या दिव्यांपासून लांब, शेताच्या बांधावर जा. दहा-पंधरा मिनिटे अंधारात बसा. मोबाइलचा उजेडही डोळ्यांवर घेऊ नका. डोळे अंधाराला सरावले, की अधिक तारे दिसतात.

कार्तिकात संध्याकाळनंतर पूर्वेला कृत्तिका.

माघ-फाल्गुनात रात्री नवाला डोक्यावर पुष्यातली गव्हाण. थेट पाहून दिसली नाही, तर तिच्या जरा बाजूला नजर ठेवा. अंधुक वस्तू डोळ्याच्या कडेने जास्त चांगली दिसते.

वैशाखात रात्री दहाच्या सुमाराला तोंड दक्षिणेकडे करा. हात ताठ धरून क्षितिजापासून मुठीवर मूठ मोजा. साधारण अडीच मुठी वर एक अंधुक, फुगलेला ठिपका दिसेल. तोच हॅलेचा एक कोटी ताऱ्यांचा घोस. आणि मध्यरात्र उलटली, की वृश्चिकाच्या नांगीच्या डाव्या अंगाला टॉलेमीचा घोस.

आता एक काम सांगतो आणि बसतो. कृत्तिका मोजा. सहा दिसल्या तर सहा लिहा, सात दिसल्या तर सात. एखाद्या तीक्ष्ण डोळ्याला जास्तही दिसतील. शेजाऱ्याचा आकडा ऐकून आपला बदलू नका. वहीत तारीख लिहा, वेळ लिहा, आकडा लिहा, खाली आपले नाव लिहा. अक्षर वेडेवाकडे आले तरी चालेल. पुढच्या वर्गाला ती वही बरोबर आणा. आपण सगळ्यांचे आकडे फळ्यावर मांडू.

आणि मांडताना कोणाला पाढा आठवला नाही, तर खिशात कागद ठेवायला हरकत नाही.